नाशिकच्या लहान, कुटुंबाच्या वायनरी एका दिवसात कशा बघाव्यात?

आंबटगोड

फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात मुंबईहून सात जणांची नाशिकला एक दिवसाची वाइन-सहल ठरते आहे. गर्दीची मोठी जागा नको. वेल लावणारा किंवा वाइन बनवणारा माणूस स्वतः भेटेल, बोलेल अशी कुटुंबाची लहान वायनरी हवी. सोबत माहीतगार वाटाड्या आणि ड्रायव्हरसकट गाडी. एका टूरवाल्यानं 'एका दिवसात पाच वायनरी, जेवणासह' असा कार्यक्रम पाठवला आहे.

पाच खरंच होतात का? कोणत्या दिशेला जावं? वाटाड्या जाणकार आहे की नुसता गाडीत बसणारा, हे आधी कसं ओळखावं? आणि सातांपैकी दोघांना वाइन घ्यायची नाही. त्यातल्या एक सासूबाई आहेत, कडक शाकाहारी. त्यांना दिवसभर बाकावर बसवून ठेवायचं नाही. माहितगारांनी सविस्तर लिहावं.

गोदाकाठ

पाच होत नाहीत. दोन नीट होतात. तिसरी घेतलीत तर ती फक्त काउंटरवर उभं राहून चाखण्यापुरती.

हिशेब करून बघा. बागेत अर्धा-पाऊण तास, टाक्या आणि बॅरलच्या खोलीत तेवढाच वेळ, बसून चाखायला तासभर. एका ठिकाणचे अडीच तास झाले. मुंबईहून पहाटे सहाला निघालात तरी कसारा घाट, वाटेतला चहा धरून पोचायला साडेनऊ-दहा वाजतात. परतीची गाडी पाचला हलायला हवी. मधल्या सात तासांत दोन वायनरी, एक जेवण आणि थोडा प्रवास बसतो. पाच बसवायच्या तर प्रत्येकी चाळीस मिनिटं मिळतात आणि बाग कुठेच दिसत नाही.

आता दिशा. नाशिकच्या वायनरी एका रांगेत नाहीत, शहराभोवती विखुरलेल्या आहेत. एका दिवसात एकच दिशा धरा.

पश्चिमेला गंगापूर-सावरगाव रस्ता. सुला, यॉर्क, सोमा या तिन्ही एकमेकींपासून गाडीनं काही मिनिटांवर आहेत आणि गंगापूर धरणाचं पाणी जवळ आहे. टूरवाले ही बाजू देतात कारण त्यांना सोपी पडते. पण शनिवार-रविवारी हा रस्ता तुंबतो आणि सुलाफेस्टच्या, म्हणजे सुलाच्या संगीत महोत्सवाच्या, तारखांना तर तिकडे फिरकूच नका. तुमच्या अटीसाठी आणखी एक गोष्ट महत्त्वाची आहे. यॉर्क एका कुटुंबानं उभी केली, पण २०२१ पासून ती सुलाच्या मालकीची आहे. टूरच्या पत्रकांत तिला अजून 'फॅमिली वायनरी' लिहितात. जागा सुंदर आहे, वाइन चांगली आहे, जरूर जा. फक्त 'मालकाशी गप्पा' ही अपेक्षा धरून जाऊ नका.

नैर्ऋत्येला इगतपुरी तालुक्यातलं संजेगाव. मुकणे धरणाच्या काठच्या या भागात व्हालोने आणि ग्रोव्हर झांपा आहेत. व्हालोने लहान आहे, तुम्ही म्हणता त्या जातीची. ग्रोव्हर झांपा बरीच मोठी, पण लहान-मोठ्यातला फरक एकाच दिवशी बघायला उपयोगी. मुंबईकरांसाठी हीच दिशा सर्वांत सोयीची, कारण नाशिक शहरात शिरावंच लागत नाही. महामार्ग सोडून आत वळायचं आणि संध्याकाळी तिथूनच परत फिरायचं. जाण्यायेण्याचा दीड-दोन तास वाचतो.

पूर्वेला निफाड. कुंदेवाडीला रेव्हेलोची वायनरी आहे. पाटील कुटुंबाची, आणि ग्रिल्लो, नेरो दावोला या इटलीच्या जाती त्यांनी भारतात पहिल्यांदा लावल्या. पुढे विंचूरला २००१ च्या द्राक्ष-प्रक्रिया धोरणानंतर उभं राहिलेलं एमआयडीसीचं वाइन पार्क आहे. या बाजूला देखावे कमी, शेती जास्त. ज्याला द्राक्ष समजून घ्यायचं आहे त्यानं इकडे जावं. मात्र मुंबईहून एका दिवसात जाऊन परत येणं दमवणारं आहे. आदल्या रात्री नाशिकला मुक्काम करा.

कुठेही जायचं असलं तरी आठवडाभर आधी फोन हवाच. लहान वायनरीत फेरी दाखवणारा माणूस आणि टाकीवर काम करणारा माणूस बहुधा एकच असतो. तोडणीच्या दिवसांत त्याला न सांगता गेलात तर तुमचंही नुकसान आणि त्याचंही.

निफाडची_काडी

तारीख उत्तम निवडली आहे, त्यामागचं कारण लिहितो. हे माहीत असलं की बागेत काय बघायचं ते कळतं.

युरोपात वेल थंडीत झोपतो आणि वर्षातून एकदा छाटतात. आपल्याकडे तो झोपत नाही, म्हणून दोनदा छाटावा लागतो. एप्रिलच्या आसपास खरड छाटणी, तिच्यातून काडी तयार होते. पावसाळाभर ती काडी पक्व होते. मग सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये गोडी छाटणी, तिच्यातून घड येतात. गोडी छाटणीपासून तोडणीपर्यंत चार ते पाच महिने धरा. म्हणून वाइनची तोडणी जानेवारी ते मार्च. पांढऱ्या जाती आधी, म्हणजे शेनिन ब्लांक, सोव्हिन्यों ब्लांक. लाल नंतर, म्हणजे शिराझ, कॅबर्ने सोव्हिन्यों. फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात लालचे घड वेलावर आणि पांढऱ्याचा रस टाकीत आंबताना, दोन्ही एकाच फेरीत दिसण्याची चांगली शक्यता असते.

जुलै-ऑगस्टमध्ये जाणारे हिरवळ बघून खूश होतात, पण तेव्हा वेलावर घड नसतात. ऑक्टोबरात छाटणीनंतर तर नुसत्या काड्या. 'कधीही या' म्हणणाऱ्या टूरवाल्याला हे विचारा.

बागेत या गोष्टी मुद्दाम दाखवायला सांगा. पहिली, वेलाची बांधणी. खायच्या द्राक्षाचा मांडव किंवा इंग्रजी वाय आकाराचा आधार असतो, वाइनचा वेल बहुतेक ठिकाणी तारांवर सरळ उभा चढवतात, म्हणजे घडांच्या पट्ट्यात वारा खेळतो आणि भुरी, डाऊनी हे बुरशीचे रोग कमी येतात. दुसरी, मणी. थॉमसन या खायच्या जातीचा लांब, फुगीर, बिनबियांचा मणी जीए या संजीवकात घड बुडवून मोठा केलेला असतो. वाइनचा मणी लहान, गोल, जाड सालीचा आणि बियांचा. लाल वाइनचा रंग आणि तुरटपणा सालीतून येतो, म्हणून लहान मणी हवा. तिसरी, माल. खायच्या द्राक्षाचे एकरी दहा-बारा टन घेणारा शेतकरी वाइनसाठी चार-पाच टनांवर थांबतो, जास्तीचे घड कच्चे असतानाच काढून टाकतो. का, ते बागवाल्याच्या तोंडून ऐका. दराची, कराराची, अवकाळीची सगळी गोष्ट त्या एका प्रश्नातून निघते.

शक्य असेल तर रिफ्रॅक्टोमीटर, म्हणजे रसातली साखर मोजायचं यंत्र, मागा. दोन मणी चिरडून थेंब काचेवर टाकायचा आणि उजेडाकडे धरून बघायचं. २२ ब्रिक्स (साखरेचं माप) दिसलं तर त्याला साधारण ०.५५ ते ०.६ नं गुणा. १२-१३ टक्के अल्कोहोलची वाइन होणार. सासूबाईंच्या हातात द्या ते यंत्र. वाइन न घेणाऱ्यांना या फेरीत याहून चांगली गोष्ट नाही. पांढऱ्याची तोडणी चालू असेल तर प्रेसमधून निघालेला, अजून न आंबलेला ताजा रसही चाखायला मिळू शकतो. त्यात अल्कोहोल नसतं. पण तो त्याच क्षणी प्रेसखालचा हवा, टाकीतला नको. टाकीतला एव्हाना आंबायला लागलेला असतो.

तोडणी पहाटे होते, कारण गार द्राक्ष टवटवीत राहतं आणि थंड करायला वीज कमी लागते. तुम्ही दहाला पोचाल तेव्हा क्रेट वायनरीच्या दारात आलेले असतील. तोडणीच बघायची असेल तर आदल्या रात्री तिथे राहायलाच हवं.

टाकीघर

वरच्या दोघांनी रस्ता आणि बाग सांगितली. आतलं मी लिहितो, कारण टूरमध्ये सगळ्यात जास्त इथेच उरकतात.

क्रमानं चाला, द्राक्ष जातं त्याच वाटेनं: क्रेट, निवडीचं टेबल, देठ काढणारं यंत्र, प्रेस, टाक्या, बॅरल, गाळणी, बाटली. पांढरी वाइन आधी दाबतात आणि मग नुसता रस आंबवतात. लाल वाइन सालीसकट आंबवतात आणि मग दाबतात. हा फरक यंत्रासमोर उभं राहून समजला की पुढचं सगळं सोपं जातं.

टाकीवर दुहेरी पत्रा असतो, त्यातून ग्लायकॉल हा थंड केलेला द्रव फिरतो. पांढरी १४ ते १८ अंशांवर आंबवतात, लाल २५ ते ३० वर. लहान वायनरीचा जीव या चिलरमध्ये अडकलेला असतो. वीज गेली, जनरेटर चालू झाला नाही, तर आंबताना निघणारी उष्णता टाकीतच साठते. पारा ३५ च्या वर गेला की यीस्ट मरायला लागतं, आंबणं अर्धवट थांबतं, रसात साखर उरते आणि त्या साखरेवर नको ते जिवाणू पोसतात. म्हणून विचारा: 'वीज गेली तर काय करता?' नेमकं उत्तर देणारा माणूस खरोखर वाइन बनवणारा आहे असं समजा.

दुसरा प्रश्न: 'टाकीला कुजक्या अंड्याचा वास आला तर?' रसात नत्र कमी पडलं की यीस्टवर ताण येतो आणि हायड्रोजन सल्फाइड तयार होतो. त्यावर काय घालतात, किती हवा देतात, हे ऐकण्यासारखं असतं. लाल टाकीत साली वर तरंगून जाड थर होतो. तो दिवसातून दोन-तीनदा भिजवावा लागतो, नाहीतर वर सुकतो आणि आंबट होऊन व्हिनेगरकडे झुकतो. खालचा रस पंपानं वर सोडायची वेळ विचारून त्या वेळेला तिथे थांबा. खोली वासानं भरून जाते. वायनरीतला सगळ्यात देखणा क्षण तोच.

एक सक्त सूचना. आंबत्या टाकीच्या तोंडात वाकून बघायचं नाही, फोटोसाठीसुद्धा नाही. आत कार्बन डायऑक्साइड साठलेला असतो, एका-दोन श्वासांत माणूस कोसळू शकतो. लहान मुलं असतील तर हात धरून ठेवा. फरशी ओली आणि पाइपांनी भरलेली असते, म्हणून बंद बूट घाला.

वाटाड्या ओळखायचा कसा? फोनवर तीन गोष्टी विचारा. 'त्या आठवड्यात कोणत्या जातीची तोडणी असेल?' जाणकार माणूस वायनरीला फोन करून सांगतो, अडाणी 'सगळ्याच' म्हणतो. 'खरड आणि गोडी छाटणीत फरक काय?' आणि तिसरा, जरा अवघड: 'आम्ही घेतलेल्या बाटल्यांवर तुम्हाला कमिशन मिळतं का?' मिळत असलं तर त्यात गैर काही नाही, पण ते आधी कळलं पाहिजे. चाखण्याचे, फेरीचे आणि जेवणाचे पैसे टूरच्या रकमेत धरलेत की वेगळे, हे लिहून घ्या. भांडणं नेमकी इथेच होतात.

लहान वायनरी खरंच स्वतः वाइन बनवते का, हे बाटलीच्या मागच्या लेबलवर दिसतं. उत्पादक कोण, बाटली कुठे भरली, कोणासाठी भरली, हे वाचा. बरीच नावं दुसऱ्याच्या टाकीत तयार होतात.

आंबटगोड

मनापासून आभार. संजेगावची दिशा आणि दोनच वायनरी, ठरलं. तीन शंका उरल्या. सकाळी नाशिकची मिसळ खाऊन जावं का? (वाट वाकडी करून जायची तयारी आहे.) शाकाहारींसाठी वाइन चालते का, म्हणजे सासूबाई नाहीत, पण मेव्हणा घेतो आणि तोही शाकाहारी आहे. आणि दोघंजण म्हणतात, ड्रायव्हर कशाला, आपलीच गाडी नेऊ, थोडंथोडंच तर चाखायचं आहे.

कोरडी_चेनिन

शेवटची शंका आधी. ड्रायव्हर हवाच.

एका वायनरीत पाच वाइन, प्रत्येकी ३० मिली धरल्या तर १५० मिली होते. १३ टक्क्यांच्या वाइनमधून जवळपास १५ ग्रॅम अल्कोहोल पोटात गेलं. ६० किलोच्या माणसात एवढ्यानंही रक्तातली पातळी १०० मिलीला ३० मिलिग्रॅमच्या वर जाऊ शकते, आणि मोटार वाहन कायद्याच्या कलम १८५ ची मर्यादा ३० चीच आहे. बाईमध्ये त्याच मापाला पातळी आणखी चढते. पहिल्या गुन्ह्याला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दहा हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. आणि परतताना कसारा घाट उतरायचा आहे, हे दंडाहून मोठं कारण. गाडी पिवळ्या नंबरप्लेटची घ्या. पांढऱ्या प्लेटची खासगी गाडी भाड्यानं दिली असेल तर अपघातात विमा कंपनी हात वर करू शकते.

मिसळ परतीला खा. सकाळी तर्री खाल्लीत की जीभ दोन तास तिखटात असते, त्यावर तुरट लाल वाइन कडू लागते आणि अल्कोहोल घशात जळतं. उपाशीही जाऊ नका. पोहे, उपमा, अंडं चालत असेल तर ऑम्लेट, असं सौम्य काही पोटभर खा. त्या दिवशी पान, तंबाखू, पेपरमिंट, अत्तर नको. तुमच्या अत्तरानं शेजारच्याचाही ग्लास वाया जातो.

चाखायचा क्रम: फसफसणारी, मग कोरडी पांढरी, रोझे, हलकी लाल, बॅरलमधली जड लाल, आणि गोड लेट हार्वेस्ट, म्हणजे उशिरा तोडलेल्या द्राक्षांची वाइन, सगळ्यात शेवटी. गोड आधी घेतली की पुढची प्रत्येक कोरडी वाइन आंबट वाटते. थुंकायला भांडं मागा, त्यात संकोच करू नका. वाइन बनवणारे स्वतः थुंकतात. दोन वाइनच्या मधे एक घोट पाणी, आणि दिवसभरात माणशी दोन लिटर पाणी गाडीत ठेवाच.

लाल वाइन कोमट दिली तर सांगा. दुपारी खोली ३० अंशांवर असते आणि त्या तापमानाला लाल वाइन नुसती दारूसारखी लागते. १६ ते १८ अंश हवी. बर्फाच्या पाण्यात दहा मिनिटं ठेवली तरी फरक जाणवतो.

शाकाहाराचा प्रश्न योग्य आहे. द्राक्ष शाकाहारी, पण वाइन निवळायला कधीकधी अंड्याचा पांढरा बलक, जिलेटिन किंवा माशाच्या पोटातल्या हवेच्या पिशवीपासून काढलेला आयसिंग्लास वापरतात. दुधातलं केसीनही असतं. बेंटोनाइट ही माती आहे, ती वापरली असेल तर हरकत नाही. 'ही वाइन कशानं निवळवली?' एवढंच विचारा, प्रत्येक वाइनसाठी वेगळं. लाल आणि पांढऱ्याचं उत्तर वेगळं येऊ शकतं.

गोदाकाठ

बाटल्यांबद्दल राहिलं. खरेदी दुसऱ्या वायनरीत, निघताना करा. पहिलीतली आवडली तर पैसे देऊन बाटल्या तिथेच ठेवा आणि जाताना उचला, दोन्ही जवळच आहेत. उन्हात उभ्या गाडीत तासाभरात भट्टी होते. बूच वर सरकतं, वाइन शिजते आणि घरी उघडल्यावर मुरंब्यासारखा वास येतो. थर्माकोलचा डबा आणि दोन जेल-पॅक नेलेत तर पुरे. डिकीत नाही, सीटच्या पायाशी ठेवा. बिल जपून ठेवा.

दमणगंगा

आमच्या गटाचंही असंच चाललं आहे, पण सुरतेहून, सापुतारामार्गे, आणि २६ जानेवारीला जोडून सुट्टी आहे म्हणून तेव्हा. काही अडचण?

कोरडी_चेनिन

दोन अडचणी आहेत. २६ जानेवारी हा कोरडा दिवस. त्या दिवशी विक्रीही बंद आणि चाखणंही. २७ ला या. निवडणूक लागली असेल तर मतदान संपेपर्यंतचे ४८ तास आणि मतमोजणीचा दिवसही बंद असतो. त्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश बघा, वायनरीच्या संकेतस्थळावर तो वेळेत चढेलच असं नाही.

दुसरी, एकही बाटली सोबत नेऊ नका. गुजरातेत दारूबंदी आहे, महाराष्ट्रातलं बिल तिथे कामाला येत नाही, आणि सीमेवर गाड्या तपासतात. न फोडलेली, भेट म्हणून बांधलेली बाटलीसुद्धा गुन्हाच. आणि गटात २१ वर्षांखालचं कोणी असेल तर त्याला चाखायला मिळणार नाही, वयाचा पुरावा सगळ्यांनी जवळ ठेवा.

निफाडची_काडी

सुरतकरांना एक सुचवतो. जानेवारीअखेर येणार असाल तर लाल जाती अजून पिकायच्या असतील, पण शेनिन ब्लांक तोडणीला आलेली असू शकते. फोन करताना 'तोडणी चालू आहे का' असं मोघम विचारू नका, 'शेनिन किती ब्रिक्सला आली आहे' असं विचारा. २० च्या पुढे सांगितलं तर क्रेट बघायला मिळतील. १८ सांगितलं तर शक्य असल्यास आठवडाभर थांबा. आणि मधे अवकाळी झाला तर पुन्हा फोन करा. पाण्यानं मणी तडकतात, मग साखर पुरती चढायच्या आत बाग घाईनं तोडावी लागते किंवा थांबून फवारणी करावी लागते. फवारणीच्या दिवशी बागेत कोणालाही सोडत नाहीत, सोडूही नये.